सावंतवाडीच्या राजवाड्यातील दशावतारी गंजिफा

सावंतवाडीच्या राजवाड्यातील कारागिरांनी रंगवलेला दशावतारी गंजिफांचा, म्हणजे अवतारांच्या चित्रांच्या गोल पत्त्यांचा, संच आमच्या अंबाजोगाईच्या घरी येऊन आता पुष्कळ दिवस झाले आहेत. या काळात तो काचेच्या कपाटात बंद न राहता बैठकीतल्या सतरंजीवर वारंवार उतरला आणि घरातल्या लहानथोरांच्या हातांतून फिरला. त्यामुळे केवळ देखणी वस्तू म्हणून नव्हे, तर खेळ म्हणूनही त्याचे परीक्षण करणे शक्य झाले आहे. ज्या घरात पत्त्यांची आवड आहे, चार माणसे एकत्र बसण्याची सवय अजून टिकून आहे आणि हाताने केलेल्या कामाचे मोल देण्याची तयारी आहे, त्या घराने हा संच अवश्य घ्यावा, असे माझे मत आहे. जो केवळ भिंतीवरची शोभा शोधत असेल, त्याच्यासाठी राजवाड्यातील इतर वस्तू अधिक योग्य आहेत. त्यांविषयी पुढे लिहिलेच आहे.

दशावतारी गंजिफांत एकूण १२० पत्ते असतात. मत्स्य, कूर्म, वराह, नरसिंह, वामन, परशुराम, राम, कृष्ण, बुद्ध आणि कल्की असे दहा रंग, आणि प्रत्येक रंगात राजा, प्रधान व एक्क्यापासून दश्शीपर्यंतची दहा पाने, अशी ही मांडणी आहे. आपल्या नेहमीच्या कॅटमध्ये इस्पिक, बदाम, चौकट आणि किलवर जे काम करतात, तेच काम येथे मासा, कासव, कमंडलू, परशू, बाण आणि तलवार यांसारखी चिन्हे करतात. प्रत्येक रंगाची पार्श्वभूमीही निराळी असते, त्यामुळे एकदा डोळा सरावला की चिन्ह न पाहताही पान कोणत्या अवताराचे ते ओळखता येते. सगळे पत्ते गोल आहेत. राजाच्या पानावर तो अवतार स्वतः विराजमान असतो, तर संख्येच्या पानांवर त्याची चिन्हे मोजून मांडलेली असतात. वामनाच्या अठ्ठीवर आठ कमंडलू इतक्या लहान जागेत एकमेकांना न टेकता बसवणे हे सोपे काम नाही. माझ्या मते या संचाची खरी परीक्षा राजाच्या पानावर होत नाही. ते पान कोणताही चांगला चित्रकार मन लावून रंगवेल. परीक्षा होते ती सत्ती, अठ्ठी आणि नव्वीवर, जेथे तेच चिन्ह पुन्हा पुन्हा त्याच मापाने आणि त्याच वळणाने काढावे लागते. आमच्या संचातील ही पाने भिंगाखाली धरून पाहिली तेव्हा कुंचल्याच्या फटकाऱ्यांत किंचित फरक दिसला. पण हात कोठेही घाईने फिरल्याचे दिसले नाही. हा किंचित फरक ज्यांना दोष वाटेल त्यांनी छापील पत्ते घ्यावेत.

या पत्त्यांची घडण समजून घेतल्याशिवाय त्यांची किंमत समजत नाही. परंपरेने कापडाचे किंवा कागदाचे थर चिंचोक्याच्या खळीने एकमेकांना चिकटवून जाड पुठ्ठा करीत, त्यावर पांढऱ्या रंगाचा लेप देऊन तो दगडाने घोटीत, मग गोल कापून रंगवीत आणि शेवटी लाखेचा हात देऊन चकाकी आणीत. लाखेमुळे रंग टिकतो, पान हातात गुळगुळीत लागते आणि दुसऱ्या पानावरून सहज सरकते. राजवाड्याच्या दरबार हॉलमध्ये कारागीर बैठे मेज घेऊन हे काम करताना पाहुण्यांना पाहता येतात. मी गेले तेव्हा एक कारागीर पानाच्या कडेची बारीक नक्षी भरत होते. गोल पान डाव्या हाताने हळूहळू फिरवायचे आणि उजव्या हातातला कुंचला जवळजवळ स्थिर ठेवायचा, अशी त्यांची पद्धत होती. त्यामुळे वर्तुळाची रेघ कोठेही तुटत नव्हती. ज्या दालनात संस्थानचे सिंहासन आणि पूर्वजांची तैलचित्रे आहेत, त्याच दालनात रोजचे काम चाललेले पाहणे हा या भेटीतला सर्वांत मोलाचा भाग होता.

हा राजवाडा खेम सावंत तिसरे यांच्या काळातला, म्हणजे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातला आहे. त्यांची कारकीर्द १७५५ ते १८०३ अशी जवळपास अर्धशतकाची होती. समोर मोती तलाव आणि मागे झाडीत दडलेल्या जांभ्या दगडाच्या इमारती असे त्याचे रूप आहे. काळ्या बसाल्टच्या वाड्यांची सवय असलेल्या आपल्या डोळ्यांना तो तांबडा रंग प्रथम परका वाटतो. सावंत भोसल्यांचे हे संस्थान १९४८ मध्ये मुंबई प्रांतात विलीन झाले. पुढे १९७१ च्या घटनादुरुस्तीने देशभरातील माजी संस्थानिकांचे तनखे बंद झाले, आणि राजवाडे राखायचे कसे हा प्रश्न प्रत्येक घराण्यापुढे उभा राहिला. कोणी वास्तू विकली, कोणी ती हॉटेल कंपन्यांकडे सोपवली, कोणी तिला कुलूप लावून शहरात राहणे पसंत केले.

सावंतवाडीत झाले ते निराळे. येथील चितारी मंडळी पिढ्यान्‌पिढ्या गंजिफा आणि लाखकामाच्या वस्तू करीत आली होती. शहरातली चितार आळी त्यांच्याच नावाने ओळखली जाते. परंतु एकोणिसाव्या शतकात छापील इंग्रजी पत्ते स्वस्तात मिळू लागल्यावर गंजिफांना गिऱ्हाईक उरले नाही, आणि विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ही विद्या जाणणारे हात अगदी थोडे राहिले. अशा वेळी श्रीमंत शिवरामराजे भोसले आणि त्यांच्या पत्नी, बडोद्याच्या गायकवाड घराण्यातून आलेल्या सत्त्वशीलादेवी, यांनी हा विषय मनावर घेतला. राणीसाहेबांनी वृद्ध चितारी कारागिरांकडून ही कला स्वतः शिकून घेतली, तरुण मुलामुलींना ती शिकवण्याची व्यवस्था केली आणि कामासाठी राजवाड्यातच जागा दिली. राजघराण्याने कलेला आश्रय दिल्याची उदाहरणे इतिहासात पुष्कळ सापडतात. म्हैसूरच्या मुम्मडी कृष्णराज वडियारांनी तर एकोणिसाव्या शतकात गंजिफांचे नवेनवे प्रकार स्वतः रचले. परंतु राज्य गेल्यानंतर, खजिना आटल्यानंतर आणि मागणी जवळजवळ संपल्यानंतर राणीने कुंचला हातात घेऊन कारागिरांच्या ओळीत बसणे ही गोष्ट मला अधिक थोर वाटते. आश्रयदात्याला कारागीर बदलता येतो. जो स्वतः शिकतो त्याला पुढच्याला शिकवण्याची जबाबदारी टाळता येत नाही.

आज सावंतवाडीच्या गंजिफांना भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, आणि घराण्याच्या नव्या पिढीने राजवाड्याच्या आवारातच छोटे हॉटेल सुरू करून त्याची सजावट गंजिफांच्या चित्रांवरच बेतली आहे. मी तेथे मुक्काम केला नाही, त्यामुळे त्याविषयी अधिक लिहीत नाही. परंतु संग्रहालय, कारखाना, विक्री आणि निवास या चारही गोष्टी एकाच कलेभोवती फिरतात, ही आखणी मला फार समंजस वाटली. पाहुणा दरबार हॉल पाहायला येतो, काम पाहून थबकतो, एखादी वस्तू घेतो, आणि त्या पैशातून कारागिराची मजुरी निघते व वास्तूला माणसांचा वावर मिळतो.

हे सगळे पाहताना मराठवाड्यातल्या माणसाला आपल्या गढ्या आठवल्याशिवाय राहत नाहीत. आपल्याकडे सावंतवाडीसारखे मराठी संस्थान नव्हते. निजामाच्या राज्यात जहागीरदार, देशमुख आणि देशपांडे होते. हैदराबाद मुक्त झाल्यावर १९४९ मध्ये जहागिऱ्या रद्द झाल्या. तो निर्णय न्यायाचा होता आणि रयतेला त्याची गरजच होती. पण त्या उत्पन्नावर उभ्या असलेल्या वाड्यांचे पुढे काय करायचे, याचा विचार फारसा कोणी केला नाही. पांढऱ्या मातीच्या गढ्या पावसाने खचत गेल्या, त्यांची माती लोकांनी शेतात नेऊन टाकली. उरलेल्या माळवदाच्या वाड्यांना ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपाने धक्का दिला. जाड दगडी भिंती आणि वरच्या मातीच्या ओझ्याखाली माणसे गाडली गेली, आणि त्या भीतीने भूकंपक्षेत्राच्या बाहेरच्याही अनेक कुटुंबांनी जुने वाडे सोडून स्लॅबची घरे बांधली. त्या भीतीला कोणीही नावे ठेवू शकत नाही. ज्या वास्तू सरकारने ताब्यात घेतल्या त्या तरल्या. छत्रपती संभाजीनगरचा सोनेरी महाल आज संग्रहालय आहे आणि वेरूळला मालोजीराजांच्या गढीचे अवशेष राखलेले आहेत. मी या दोन्ही ठिकाणी अनेकदा गेले आहे आणि दोन्ही ठिकाणे प्रत्येकाने पाहावीत. परंतु तेथे आपण पाहतो ते थांबलेले जीवन आहे. सोनेरी महालाला ज्या सोनेरी चित्रांवरून नाव मिळाले, ती चित्रे काढणाऱ्यांची परंपरा त्या भिंतींच्या आत राहिलेली नाही.

जतनाचे दोन प्रकार असतात, हे मला अंबाजोगाईकर म्हणून मुद्दाम सांगावेसे वाटते. आमच्या गावात दासोपंतांची पासोडी आहे. सोळाव्या-सतराव्या शतकातल्या या संताने पंचीकरणासारखा, म्हणजे पंचमहाभूतांपासून सृष्टी कशी घडते हे सांगणारा, अवघड विषय लांबच लांब कापडावर अक्षरांनी आणि आकृत्यांनी मांडला, आणि चारशे वर्षांच्या उन्हाळ्या-पावसाळ्यांतून ते कापड गावाने आणि त्यांच्या वंशपरंपरेने जपले. पासोडी एकच आहे. तिला हात न लावणे हेच तिचे जतन. गंजिफांचे तसे नाही. जुना संच कितीही जपला तरी नवा करणारा माणूस उरला नाही, तर ती कला गेलीच म्हणायची. आणि नवा संच घेणारे घर नसेल तर करणारा माणूसही राहत नाही. पासोडी जपणाऱ्यांविषयी माझ्या मनात जो आदर आहे, तितकाच सावंतवाडीच्या घराण्याविषयी आहे. पण सावंतवाडीच्या कामात तुम्हां-आम्हां ग्राहकांचाही वाटा लागतो, म्हणून हे परीक्षण लिहिण्याचे कारण आहे.

आता खेळाविषयी. गंजिफा हा खेळ इराणकडून हिंदुस्थानात आला. बाबराने १५२७ मध्ये सिंधच्या शाह हसनला गंजिफा पाठवल्याची नोंद आहे, आणि अबुल फजलने अकबराच्या दरबारातील गंजिफांचे तपशीलवार वर्णन लिहून ठेवले आहे. मोगली संचात आठ रंग आणि ९६ पाने असतात. आपल्याकडे त्याच साच्यात दशावतार बसवले गेले आणि पाने १२० झाली. खेळ हात करण्याचा आहे, पण मेंढीकोटाची सवय असलेल्या माणसाला दोन गोष्टी नव्याने शिकाव्या लागतात. पहिली म्हणजे येथे हुकमाचा रंग नसतो. ज्या रंगाची उतारी झाली त्याच रंगातले मोठे पान हात घेते. दुसरी म्हणजे पानांचा मान सर्व रंगांत सारखा नसतो. राजा आणि प्रधान सर्वत्र मोठेच. परंतु पाच अवतारांत त्यांच्या खालोखाल दश्शी, नव्वी अशी उतरती भाजणी लागते, तर उरलेल्या पाचांत एक्का वर चढतो आणि दश्शी सर्वांत खाली जाते. सुरुवातीला प्रत्येकाचा येथेच गोंधळ होतो. कोणते पाच अवतार कोणत्या गटात धरायचे हे विक्रीच्या ठिकाणीच विचारून, कागदावर लिहून घ्यावे आणि तो कागद पेटीतच ठेवावा.

उतारीचा मान ठरवण्याची रीत मला सर्वांत आवडली. दिवसा खेळ मांडला असेल तर ज्याच्याकडे रामाचा राजा आहे तो सुरुवात करतो आणि रात्री मांडला असेल तर कृष्णाचा राजा ज्याच्याकडे आहे तो. एक सूर्यवंशातला आणि दुसऱ्याचा जन्मच मध्यरात्रीचा, हे आठवले की नियम मुलांच्याही लक्षात राहतो. आमच्याकडे दिवेलागणीच्या सुमारास खेळ मांडला की राम चालेल की कृष्ण, यावर हमखास चर्चा होते आणि शेवटी आत्याबाईंचा शब्द प्रमाण मानला जातो.

पारंपरिक खेळ तिघांचा आहे. तिघांत १२० पाने वाटली की प्रत्येकाकडे ४० येतात, आणि ४० गोल पाने हातात पंख्यासारखी धरणे नवख्याला साधत नाही. आम्ही पाचजण बसतो. प्रत्येकी २४ पाने येतात आणि खेळाला गतीही येते. पाने नेहमीच्या पत्त्यांसारखी जोरात पिसू नयेत. स्वच्छ चादरीवर पालथी पसरून दोन्ही हातांनी हलकेच कालवावीत आणि मग वाटावीत. त्यामुळे लाखेवर ओरखडे पडत नाहीत.

हा खेळ दैवापेक्षा स्मरणशक्तीचा आहे, हे मी अनुभवाने सांगते. दहा रंगांतली कोणती मोठी पाने पडून गेली हे ज्याच्या ध्यानात राहते, त्याला शेवटच्या हातांत कोणीच अडवू शकत नाही. आमच्या आत्याबाईंचे वय ऐंशीच्या पुढे आहे. सकाळचे औषध घेतले की नाही हे त्यांना कधीकधी विचारावे लागते. पण नरसिंहाचा प्रधान कोणी आणि केव्हा टाकला, हे त्या डाव संपल्यावरही सांगतात. लहान मुलांच्या बाबतीत एक अनपेक्षित लाभ झाला. दशावतार त्यांना क्रमाने पाठ झाले ते कोणी पाठ करायला लावल्यामुळे नव्हे, तर परशुराम कोणाकडे आणि कल्की कोणाकडे हे शोधण्याच्या नादात. "आजी, वामन माझ्याकडं आलाय, आता तुम्ही काय टाकता?" असे सातवीतला नातू विचारतो, तेव्हा मला या संचाचे पैसे वसूल झाल्यासारखे वाटतात.

किंमतीविषयी स्पष्ट लिहिले पाहिजे. हाताने रंगवलेला पूर्ण संच बाजारातल्या पत्त्यांच्या कॅटपेक्षा कित्येक पटींनी महाग आहे, आणि कामाच्या बारकाव्याप्रमाणे किंमत आणखी वाढते. मध्यमवर्गीय घराला हा खर्च विचार करूनच करावा लागेल. पण १२० स्वतंत्र चित्रे, प्रत्येकावर लाखेचा हात, आणि वर रंगवलेली लाकडी पेटी, एवढे काम मोजले तर मला ती किंमत रास्त वाटते. आपण पैठणच्या मागावरची अस्सल पैठणी किंवा संभाजीनगरचे हातमागाचे हिमरू घेताना घासाघीस करतो आणि यंत्रमागाची नक्कल स्वस्त म्हणून उचलतो. त्याचा परिणाम असा झाला आहे की हिमरू विणणारे हात आता शोधावे लागतात. गंजिफांच्या बाबतीतही छापील नकला मिळतात. खेळ शिकण्यासाठी त्या वाईट नाहीत. मात्र हस्तकाम म्हणून त्या कोणी विकत असेल तर सावध राहावे. खात्रीचा मार्ग एकच: राजवाड्यातूनच किंवा थेट कारागिराकडून घ्यावे.

मराठवाड्यातल्या ग्राहकाने संच सांभाळण्याबाबत थोडी अधिक काळजी घ्यायला हवी, कारण कोकणातल्या दमट हवेत घडलेली वस्तू आपण चाळीस अंशांच्या पुढच्या कोरड्या उन्हाळ्यात आणतो. लाखेला उष्णता मानवत नाही. उन्हात उभ्या केलेल्या गाडीत पेटी ठेवू नये. परतीच्या प्रवासात ती माणसांबरोबर सावलीत असावी. घरी पत्र्याच्या खोलीत किंवा खिडकीजवळच्या फळीवर न ठेवता आतल्या कपाटात ठेवावी. खेळण्यापूर्वी हात धुऊन कोरडे करावेत, खेळताना तेलकट खाणे बाजूला ठेवावे आणि पाने ओल्या फडक्याने कधीही पुसू नयेत. मऊ सुती कापड पुरते. आमची पेटी मधल्या खोलीतल्या जुन्या सागवानी कपाटात असते आणि ऋतू बदलले तरी पाने सपाट राहिली आहेत.

प्रत्यक्ष जाणाऱ्यांसाठी थोडे सांगते. अंबाजोगाई, लातूर किंवा धाराशिवकडून सोलापूर आणि कोल्हापूरमार्गे आंबोली घाट उतरून सावंतवाडीला पोहोचता येते. पावसाळ्यात घाटात धुके दाट असते, तेव्हा उतरण्याची वेळ दिवसाचीच ठेवावी. राजवाडा पाहण्याच्या वेळा आणि सुट्टीचे दिवस आधी फोनवर विचारून घ्यावेत, कारण ते खासगी निवासस्थानही आहे. दरबार हॉलमध्ये घाईने फेरी मारून बाहेर पडू नये. कारागिरांच्या जवळ शांतपणे थांबावे, परवानगी घेऊन प्रश्न विचारावेत. विचारणाऱ्याला ती मंडळी मनापासून सांगतात. ज्यांना पूर्ण संच परवडत नाही, त्यांच्यासाठी गंजिफांच्या चित्रांनी रंगवलेल्या पेट्या, तबके आणि इतर लाखकामाच्या लहान वस्तू असतात. लग्नमुंजीत देण्याला त्या उत्तम आहेत. संच घेणार असाल तर मात्र पेटी उघडून दहाही रंगांची नव्वी तेथेच उजेडात मांडून पाहावी, १२० पाने मोजून घ्यावीत, आणि एखादे पान हरवले तर तेवढेच नव्याने रंगवून मिळेल का, हे कारागिरांनाच विचारून ठेवावे.